दालिबोरच्या खोलीतला ड्राइव्ह

१

ड्राइव्ह दिसत नाही, ही तक्रार झिवकोला नवी नव्हती. सर्बियातल्या नेगोतिनच्या बसस्थानकामागे त्याचं कॉम्प्युटर दुरुस्तीचं लहानसं दुकान होतं. ऑगस्ट लागला की व्हिएन्नाहून सुटीवर आलेली माणसं आपापली यंत्रं काखेत मारून त्याच्याकडे येत. लग्नाची डीव्हीडी लावायची असते, सगळं गणगोत दिवाणखान्यात जमलेलं असतं, आणि नेमका ड्राइव्ह गायब. म्हणजे ड्राइव्ह जागेवरच असतो, दिवा लागतो, ताटली आतबाहेर होते, पण कॉम्प्युटरच्या यादीत त्याचं नाव नसतं. बहुतेक वेळा दोष ड्रायव्हरचा. ड्रायव्हर म्हणजे त्या ड्राइव्हची कॉम्प्युटरला ओळख करून देणारं एक छोटं सॉफ्टवेअर. ते बिघडलं की वस्तू डोळ्यांसमोर असूनही कॉम्प्युटरच्या लेखी नसते. झिवको हे कुणाला समजावून सांगायच्या फंदात पडत नसे. चार माणसांसमोर बोलायचं म्हटलं की त्याला घाम फुटायचा, आणि शाळा अर्ध्यातच सुटल्यामुळे आपण कुणाला काही समजावणं हा आगाऊपणाच आहे, असं त्याला वाटे.

बुधवारी सकाळी फ्लोरिकामावशीचा फोन आला.

"झिवको, दालिबोरच्या कॉम्प्युटरवर डीव्हीडी लागत नाही रे. ड्राइव्हच दिसत नाही."

"दुकानात घेऊन येता का, मावशी?"

"नाही. तो घराबाहेर जायचा नाही. उद्या पहाटे माझी बस आहे. आज बघितलं नाही तर मग नाताळातच. तू ये ना."

कसली डीव्हीडी हे त्याने विचारलं नाही. सगळ्या गावाला ठाऊक होतं. दालिबोर, तिचा एकुलता एक मुलगा, फेब्रुवारीत मोटारसायकलवरून पडून गेला. बर्फाने रस्ते बंद होते. व्हिएन्नात कामाला असलेली आणि तिथून निघालेली फ्लोरिका बेलग्रेडलाच अडकली, आणि ती घरी पोचली तेव्हा कबरीवरची माती गोठून कडक झाली होती. अंत्यविधीचं चित्रण मात्र झालं होतं. परदेशात असलेल्यांना बघता यावं म्हणून इथे सगळ्यांचंच होतं. कॅमेरावाल्याने एक डीव्हीडी करून दिली आणि त्याच टेपवर पुढे कुणाचं तरी लग्न घेतलं. मुलाचा शेवटचा चेहरा आता फक्त त्या एका डीव्हीडीवर होता. सहा महिने फ्लोरिकाला ती लावायचा धीर झाला नव्हता.

२

निघताना झिवकोने शनिवारचा निळा शर्ट घातला. मावशीला बरं वाटेल, एवढाच त्यात विचार होता.

शनिवारी दालिबोरच्या सहामाहीचं जेवण झालं, तेव्हा झिवको त्याच्या जागी बसला होता. मेलेल्याच्या वतीने बसायला त्याच्या वयाचा आणि बांध्याचा कुणीतरी लागतो; त्याला दिलेलं मेलेल्याला मिळतं. गावात आता तसा तोच उरला होता. टेबलाच्या डोक्याशी बसायचं, दालिबोरसाठी आणलेले नवे कपडे घालायचे, आणि दालिबोरचं नाव घेऊन एकेक वस्तू पुढे केली की म्हणायचं, पोहोचलं. शर्ट, पोहोचला. बूट, पोहोचले. मान खाली घालून तो म्हणत गेला होता.

फ्लोरिकाचं घर तीन मजली होतं. फाटकावर सिमेंटचे दोन सिंह, आत गुळगुळीत फरशी, सोफ्यावर अजून दुकानातलं प्लास्टिक. माणसं म्हणाल तर वर्षभर फक्त तिचे वडील, त्राइलो आजोबा, आणि तेही खालच्या स्वयंपाकघरात. वरचा मजला दालिबोरच्या लग्नासाठी बांधला होता.

"आला का तो?" आजोबांनी मिरच्या सोलता सोलता विचारलं. त्यांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता आणि भाजलेल्या ढोबळ्या मिरच्यांची सालं ते बोटांनीच चाचपून काढत होते. "अरे, तुझ्या वयात आम्ही दुसऱ्यांच्या घरी पोरी बघायला जायचो. तू डबे दुरुस्त करायला जातोस."

"बाबा, त्याला छळू नका," फ्लोरिका म्हणाली.

"छळत नाही. हा पोरगा लाजून लाजून एक दिवस भिंतीत शिरेल, तेवढंच सांगतोय."

झिवको कसनुसा हसला आणि जिना चढू लागला.

३

खोली बंद असल्यासारखी नव्हती, हे त्याला प्रथम जाणवलं. धूळ नव्हती. पण फ्लोरिका रोज झाडत असणार. मागच्या दाट आलुबुखाऱ्याच्या बागेकडे उघडणारी एकच खिडकी, पलंग, आणि टेबलावर तो कॉम्प्युटर. फ्लोरिका दाराशीच स्टूल घेऊन बसली.

त्याने नेहमीच्या क्रमाने सुरुवात केली. यादी उघडली. ड्राइव्ह नाही. आतल्या यंत्रांची नोंद बघितली, तिथे पिवळा त्रिकोण, म्हणजे बिघाडाची खूण. ड्रायव्हर बिघडलाय, दुसरं काही नाही. त्याने तो काढून टाकला आणि कॉम्प्युटर पुन्हा सुरू केला. सुरू होताना कॉम्प्युटर स्वतःच यंत्र शोधतो आणि ड्रायव्हर परत बसवतो. शेजारीपाजारी सगळ्यांकडे एवढ्यानेच काम झालं होतं.

इथे झालं नाही.

"थोडा वेळ लागेल, मावशी."

"लागू दे. मला आज कुठे जायचंय."

डीव्हीडीवर गाणी उतरवायची सॉफ्टवेअर काढून टाकली की मागे दोन नोंदी राहतात आणि त्या ड्राइव्हची वाट अडवतात. त्या त्याने शोधून पुसल्या. पुन्हा सुरू केला. पुन्हा नाही.

तेव्हा त्याच्या लक्षात आलं, की ड्राइव्ह मघापासून फिरतोय.

त्यात तसं वावगं काही नव्हतं. वीज वेगळ्या वायरने येते आणि माहिती वेगळ्या. ओळख नसली तरी मोटर फिरू शकते. पण नुसतं फिरणं आणि वाचणं यांचे आवाज वेगळे असतात, आणि झिवकोचं आयुष्य त्या आवाजांत गेलं होतं. हा ड्राइव्ह वाचत होता. थोडं पुढे जायचा, थांबायचा, टकटक करून मागे यायचा आणि तेवढाच भाग पुन्हा घ्यायचा. कुणीतरी एखादा तुकडा परत परत लावून बघावा, तसं.

कॉम्प्युटर वाचत नसेल, तर वाचतंय कोण? हा प्रश्न त्याने मनात पुरता होऊ दिला नाही. डीव्हीडीवर ओरखडा असेल. ओरखड्यावर अडलं की ड्राइव्ह असंच करतो.

४

त्याने कॉम्प्युटरचा डबा उघडला. माहितीची वायर सैल असेल म्हणून ती काढली, फुंकर मारली, आणि सहज पडद्याकडे बघितलं.

यादीत ड्राइव्ह आला होता. शेजारी डीव्हीडीचं नाव. दालिबोर.

त्याने हातातल्या वायरीकडे बघितलं. तिचं एक टोक त्याच्या बोटांत होतं. ती जोडली, नाव गेलं. काढली, नाव आलं.

"दिसलं ना?" फ्लोरिका उठून जवळ आली. "त्याचं नाव दिसलं मला."

"जुनी नोंद राहते कधीकधी," तो म्हणाला. अशी नोंद राहत नाही. पण तोंडातून निघून गेलं, आणि निघून गेल्यावर त्याचाच त्याला आधार वाटला.

मग त्याने कॉम्प्युटर बंद केला. ड्राइव्हच्या तोंडावर एक बारीक भोक असतं, त्यात सरळ केलेली टाचणी दाबली की ताटली बाहेर येते. डीव्हीडी निघाली तर दुकानातल्या दुसऱ्या यंत्रावर लावता येईल, इतकं सोपं होतं ते. ताटली बाहेर आली.

रिकामी.

"मी स्वतः घातली आहे," फ्लोरिका म्हणाली. तिचा आवाज चढला नाही, उलट खाली गेला. "शुक्रवारी. लावायला बसले, तेवढ्यात स्वयंपाकाच्या बायका आल्या, म्हणून आतच ठेवली. त्यानंतर कुणी हात लावलेला नाही."

"शनिवारी खाली नेला होता ना कॉम्प्युटर? टेबलावर?"

"नेला होता. तू तर समोर होतास."

होता. बूट झाले, घड्याळ झालं, फोन झाला, आणि शेवटी चौघांनी मिळून हा कॉम्प्युटर त्याच्यासमोर आणून ठेवला. फ्लोरिकाने दालिबोरचं नाव घेतलं. हा कॉम्प्युटर आणि यात जे जे आहे ते. आणि झिवको म्हणाला होता, पोहोचलं.

बाकीचं सामान तो रीतीप्रमाणे आपल्या घरी घेऊन गेला. कॉम्प्युटरपाशी मात्र फ्लोरिका हात ठेवून उभी होती. मागायला त्याची जीभ रेटली नाही. तो तसाच फाटकाबाहेर पडला.

त्याने रिकामी ताटली हलकेच आत ढकलली. कॉम्प्युटर बंद होता. आतून, अगदी बारीक, काहीतरी गरगरू लागलं.

५

जेवायला खाली बोलावणं आलं. घेवड्याचं दाट सूप होतं, मिरच्या, पाव, चीज. आजोबांनी स्वतःच्या पेल्यात राकिया, ती फळांची दारू, ओतली आणि पहिले चार थेंब मेलेल्यांसाठी जमिनीवर सांडले.

"निघाली का ती चकती?"

"नाही," झिवको म्हणाला.

"निघायची नाही. एकदा दिलेली वस्तू घरात ठेवायची नसते. घेणाऱ्याने उचलायची आणि मागे न बघता जायचं. तू बोलला नाहीस आणि हिने सोडलं नाही. आता कुणाचं म्हणायचं ते? तुमचंही नाही आणि त्याचंही धड नाही."

"मी बघितल्याशिवाय देणार नव्हते," फ्लोरिका म्हणाली.

"मग बघून द्यायचं होतंस."

"धीर नव्हता झाला, बाबा." तिने पाव खाली ठेवला. "तुम्ही बघितलंत त्याला. शेजाऱ्यांनी बघितलं. त्या कॅमेरावाल्याने बघितलं, त्याचा काय संबंध? सगळ्या गावाने माझ्या पोराचा चेहरा बघून घेतला आणि मी बसस्थानकावर चहा पीत बसले होते. एक दिवस थांबला असतात तर काय बिघडलं असतं?"

"जमीन आणखी गोठली असती."

"जमीन."

"हो, जमीन. कुदळ मोडली होती आधीच. हसू नकोस."

ती हसत नव्हती. झिवको ताटात बघत राहिला. वरच्या मजल्यावरून आवाज खाली यायला नको होता. मध्ये दोन जाड स्लॅब होते. तरी त्याला वाटलं, की थोडं पुढे, टकटक, थोडं मागे, असं काहीतरी भिंतीतून येतंय. आजोबांनीही मान तिरकी केली. मग त्यांनी मिरचीचं देठ ताटाच्या कडेला काढून ठेवलं.

"मी पिशवीत दुसरा ड्राइव्ह आणलाय," झिवको म्हणाला. "तो लावून बघू."

डीव्हीडीच नव्हती, तर दुसरा ड्राइव्ह लावून काय होणार, हे त्याला कळत होतं. पण समोर बसलेल्या बाईपुढे हात झटकून निघून जाणं त्याला जमण्यासारखं नव्हतं.

६

जुना ड्राइव्ह त्याने पूर्ण बाहेर काढला. चारही स्क्रू, दोन्ही वायरी. तो थंडगार होता. इतका वेळ फिरलेलं यंत्र गरम असतं. त्याने तो पलंगावर, उशीशेजारी ठेवला आणि आपला ड्राइव्ह बसवला.

कॉम्प्युटर सुरू होताच नवा ड्राइव्ह ओळखला गेला. ड्रायव्हर बसला, पिवळा त्रिकोण गेला. त्याने स्वतःकडची एक चकती घालून बघितली, ती लागली. सगळं जसं असायला हवं तसं. झिवकोला एकदम हलकं वाटलं. म्हणजे जुनं यंत्रच खराब होतं. डीव्हीडी पाहुण्यांपैकी कुणीतरी उचलली असेल. दुसऱ्याच्या दुःखाचं चित्रण आवडीने बघणारी माणसं असतातच.

मग यादीत दुसरी ओळ उमटली. नव्या ड्राइव्हच्या खाली अजून एक ड्राइव्ह. शेजारी नाव.

पलंगावर ठेवलेल्या ड्राइव्हचा हिरवा दिवा लागला.

तो वळून बघेपर्यंत गादी बारीक थरथरायला लागली होती. वायर नाही, काही नाही. झिवकोच्या मनाने एक कारण शोधलं, मग दुसरं, आणि मग मन नुसतं हात पसरून बसल्यासारखं रिकामं झालं.

"लाव," फ्लोरिका म्हणाली.

"मावशी, नको. हे बरोबर नाही."

"मला उद्या जायचंय, झिवको. तिथे मी लोकांचे जिने पुसते, आणि पुसताना प्रत्येक पायरीवर त्याचा चेहरा आठवायला बघते, तर तो सहावीतलाच आठवतो. मला मोठा झालेला आठवत नाही. लाव तू."

त्याने लावलं.

७

अंत्यविधी नव्हता. ऊन होतं. अंगण, लांब टेबल, पांढरी चादर, बशा. शनिवारचं जेवण.

"कुणी घेतलं हे?" फ्लोरिका पुटपुटली. "मी कॅमेरा येऊ दिला नव्हता."

झिवकोला चित्राची जागा ओळखू आली. टेबलावर जिथे कॉम्प्युटर ठेवला होता, बरोबर तिथून, तेवढ्याच उंचीवरून ते अंगण दिसत होतं. माणसं जेवत होती. आवाज फक्त चमच्यांचा होता. टेबलाच्या डोक्याशी निळ्या शर्टात तो स्वतः बसला होता, मान खाली, कान लाल. मग पडद्यावरचा झिवको उठला, बुटांची आणि फोनची पिशवी घेतली, क्षणभर कॉम्प्युटरकडे बघून घुटमळला, आणि फाटकाकडे चालू लागला. ते त्याला आठवत होतं.

खुर्ची रिकामी व्हायला हवी होती.

निळा शर्ट तिथेच होता. खांद्यापासून खाली दिसत होता, वरचं चित्राबाहेर. दोन्ही हात टेबलावर, तळवे वर, काहीतरी हातात पडायची वाट बघत असल्यासारखे. माणसं त्याच्या पुढ्यातून पाव उचलत होती.

"अंगठा बघ," फ्लोरिका म्हणाली. "लहानपणी कोयत्याने कापला होता. वर बघ ना, बाळा. चेहरा दाखव."

चित्र हळूहळू वर सरकू लागलं.

झिवकोने नजर खाली टाकली. फरशीवर त्याने काढलेले स्क्रू पडले होते. तो त्यांच्याकडे बघत राहिला, आणि जेव्हा फार वेळ झाला असं वाटलं, तेव्हा पडद्याऐवजी त्याने फ्लोरिकाच्या तोंडाकडे बघितलं. पडद्याचा उजेड तिच्या गालांवर होता. ती हसत होती. असं हसणं त्याने तिच्या तोंडावर कधीच पाहिलं नव्हतं. मग ते ओठांवर तसंच राहिलं आणि डोळ्यांतून गेलं.

"तो माझ्याकडे बघत नाहीये."

"चित्रण आहे ते, मावशी."

"तो तुझ्याकडे बघतोय."

ती उठून झिवकोच्या पुढ्यात, पडद्याच्या अगदी जवळ उभी राहिली. चेहऱ्यासमोर चेहरा. थोडी डावीकडे झाली, थोडी उजवीकडे.

"माझ्या पलीकडे बघतोय," ती म्हणाली. "मी कोण, ते त्याला कळत नाहीये, झिवको."

त्याने खाली वाकून भिंतीतली वायर उपटली. पडदा काळा झाला. पलंगावरचा ड्राइव्ह फिरतच होता.

तो त्याच्याकडे जाऊ लागला तेव्हा तिने हात आडवा घातला. "राहू दे. फिरतोय तोवर तो आहे. कदाचित आठवेल त्याला."

आणि ती स्टूल ओढून काळ्या पडद्यासमोर बसली.

८

खाली आजोबा दारापुढच्या बाकावर येऊन बसले होते. उन्हं कलली होती, समोरच्या बंद घरांच्या काचा चकाकत होत्या.

"बघितलं तिने?"

"हो."

"मग?"

झिवको बाकाशी उभा राहिला. आजोबांनी त्याच्या दिशेने चेहरा केला, थोडा वेळ तसाच ठेवला, आणि मग ते सरकले. एका माणसापुरते नाही. बाकाच्या पार टोकाला गेले, काठी पायांत ओढून घेतली, कोपर अंगाशी धरलं. मध्ये दोघांची जागा झाली.

झिवको अलीकडच्या टोकाला बसला. फळी करकरली. मग आणखी एकदा करकरली.

आजोबांनी रस्त्याकडे तोंड केलं. झिवकोही समोरच बघत राहिला. उजवीकडे, नजरेच्या अगदी कडेला, निळी बाही होती. त्याचे स्वतःचे दोन्ही हात मांडीवर होते, ते त्याला दिसत होते.

तेवढ्यात जिन्यातून आवाज आला. फ्लोरिका वरूनच हाक मारत होती.

"झिवको, थांबला रे तो. ड्राइव्ह थांबला. परत फिरव ना, एकदाच."

खाली या, एवढं म्हणणंच पुरेसं होतं. दोन जिने उतरून ती दारात आली असती. आणि ती निळी बाही हलली नसती, शेजारची ती मान तिच्याकडे वळली नसती. ते तिने दुसऱ्यांदा बघितलं असतं.

"आता नाही फिरणार, मावशी," तो म्हणाला. "तुम्ही बॅग भरा."